इतिहासाचा तास आणि तासाबाहेरचे काम: नव्या प्राध्यापकाच्या दोन प्रश्नांना उत्तर

याच वर्षी महाविद्यालयात इतिहास शिकवू लागलेल्या एका तरुण शिक्षिकेने दोन प्रश्न विचारले आहेत. पहिला असा, की अभ्यासक्रम अवाढव्य, तास मोजके आणि ‘इतिहास म्हणजे सनावळ्या’ ही विद्यार्थ्यांची पक्की समजूत, अशा वेळी वर्गात नेमके काय करावे? दुसरा असा, की तास, उत्तरपत्रिका आणि समित्यांची कामे यांतून स्वतःच्या संशोधनाला वेळ काढणे खरोखर शक्य असते का, की ती फक्त मुलाखतीत बोलायची गोष्ट आहे? मी अठ्ठावीस वर्षे पदवी आणि पदव्युत्तर वर्गांना इतिहास शिकवला आहे आणि या दोन्ही प्रश्नांशी मीही बराच काळ झगडलो आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

हे दोन प्रश्न मला वेगळे वाटत नाहीत. वर्गात आपण केवळ तयार निष्कर्ष सांगणार असू, तर प्राध्यापकाच्या संशोधनाचा वर्गाशी काही संबंध उरत नाही. एक चांगले पाठ्यपुस्तक आणि स्पष्ट आवाज एवढ्यावर काम भागते. परंतु ‘हे आपल्याला कशावरून कळले?’ हा प्रश्न विद्यार्थ्याच्या मनात रुजवायचा असेल, तर तो प्रश्न शिक्षकाने स्वतः कागदपत्रांसमोर बसून अनेकदा सोसलेला असावा लागतो. माझ्या अनुभवात ज्या वर्षी माझे दफ्तरातले, म्हणजे जुन्या कागदपत्रांच्या संग्रहातले, वाचन थांबले, त्या वर्षी माझे तासही सपाट झाले, आणि विद्यार्थ्यांना ते माझ्याआधी जाणवले.

अमेरिकेतील सॅम वाइनबर्ग या अभ्यासकाने १९९१ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धाला जिच्यापासून तोंड फुटले त्या १७७५ मधील लेक्सिंग्टनच्या चकमकीसंबंधीचे काही कागद त्याने आठ इतिहासकारांना आणि आठ हुशार शालेय विद्यार्थ्यांना वाचायला दिले आणि वाचताना मनात येईल ते मोठ्याने बोलायला सांगितले. त्या इतिहासकारांत सगळेच त्या काळाचे तज्ज्ञ नव्हते. तरीही त्यांची सवय सारखी होती: मजकूर वाचण्याआधी ते कागदाच्या तळाशी जात, कोणी लिहिले, केव्हा लिहिले, कोणासाठी लिहिले हे पाहत आणि मग वर येऊन पहिली ओळ वाचत. विद्यार्थी मात्र पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत सरळ वाचत गेले. लिहिणाऱ्याचे नाव हा त्यांच्या लेखी मजकुराचा केवळ शेवट होता. हा प्रयोग मी वाचला तेव्हा मला माझ्याच वर्गाचे चित्र दिसले. आपल्या विद्यार्थ्यांना माहिती कमी असते हे खरे, पण त्यांची खरी अडचण अशी असते की सगळी माहिती त्यांना एकाच आवाजात ऐकू येते. बखर, तहनामा, खासगी पत्र, वर्तमानपत्र आणि पाठ्यपुस्तक हे सगळे त्यांच्यासाठी ‘पुस्तकात दिले आहे’ या एकाच सदरात जमा होते.

म्हणून प्रत्येक सत्राच्या सुरुवातीला मी एक तास केवळ एका तारखेवर घालवत असे, आणि ज्या सनावळ्यांना विद्यार्थी कंटाळलेले असतात त्यांच्यापासूनच जाणूनबुजून सुरुवात करत असे. शिवाजी महाराजांच्या जन्मतिथीचे उदाहरण यासाठी अतिशय उपयोगी आहे, कारण तारीख प्रत्येकाला ठाऊक असते आणि ती कशी ठरली हे बहुतेक कोणालाच ठाऊक नसते. फळ्यावर मी दोन तिथी लिहीत असे: वैशाख शुद्ध द्वितीया, शके १५४९ आणि फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१. पहिली तिथी बखरींच्या परंपरेतून आलेली. दुसरी जेधे शकावलीतली, म्हणजे जेधे देशमुख घराण्याच्या वर्षवार नोंदींतली, जी लोकमान्य टिळकांनी १९१६ साली उजेडात आणली. प्रश्न एवढाच, की दोघांपैकी कोणावर विश्वास ठेवायचा आणि का?

वर्ग सहसा लगेच दोन गटांत विभागला जातो, आणि सुरुवातीची उत्तरे श्रद्धेची असतात. तिथेच थांबून एकेक प्रश्न पुढे ठेवावा. ती बखर घटनेनंतर किती वर्षांनी लिहिली गेली? ती लिहिण्याचा हेतू कोणता होता? शकावली म्हणजे काय? एका देशमुख घराण्याने वर्षवार नोंदी का ठेवल्या असतील? त्यांना तारीख बदलून काही लाभ होता का? आणि हाती आलेली शकावली ही मुळातली नोंद आहे की नंतर केलेली नक्कल? या शेवटच्या प्रश्नावर चांगले विद्यार्थी अस्वस्थ होतात, कारण ज्या साधनाच्या, म्हणजे ज्या ऐतिहासिक पुराव्याच्या, बाजूने ते आतापर्यंत बोलत होते, तेही निर्दोष नाही हे त्यांच्या लक्षात येते. मग कवींद्र परमानंदाचे ‘शिवभारत’ समोर ठेवायचे. हे समकालीन संस्कृत काव्य, म्हणजे प्रकृतीने शकावलीपेक्षा पूर्ण वेगळे साधन. त्यातही शके १५५१ मधील फाल्गुन वद्य तृतीयाच आहे. जोधपूरकडे सापडलेल्या कुंडलीचा पुरावाही त्याच तिथीकडे जातो. वेगवेगळ्या हातांनी, वेगवेगळ्या हेतूंनी लिहिलेली साधने एका ठिकाणी येऊन मिळतात तेव्हा आपला विश्वास का वाढतो, हे शब्दांत मांडायला वीस वर्षांच्या मुलाला पंधरा मिनिटे लागतात. ती पंधरा मिनिटे त्याला द्यावीत. उत्तर आपण सांगितले की तास संपला असे समजावे.

त्यानंतर गणित. शके १५५१ मध्ये ७८ मिळवले की १६२९ येते, मग पुस्तकात १६३० कसे? वर्ष चैत्रात सुरू होते, फाल्गुन हा त्याचा शेवटचा महिना, तेव्हा इंग्रजी वर्ष बदललेले असते, म्हणून तेथे ७९ मिळवायचे, हे एखादी मागच्या बाकावरची मुलगी सांगते तेव्हा वर्गात खरी हालचाल होते. पुढचा धक्का असा, की १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख ज्युलियन कालगणनेतली आहे. ग्रेगोरियन गणनेने तो दिवस १ मार्च १६३० येतो. पोप ग्रेगरीने १५८२ मध्ये ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर धरायला लावला, इंग्लंडने तीच दुरुस्ती १७५२ मध्ये केली आणि २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर आला. ज्या तारखेला आपण दगडासारखी पक्की वस्तू मानत होतो, ती माणसांनी केलेल्या अनेक निर्णयांनंतर आपल्यापर्यंत पोहोचली आहे, हे या एका तासात कळते. शासनाने १९ फेब्रुवारी ही तारीख २००१ मध्ये अधिकृतपणे स्वीकारली, म्हणजे शकावली उजेडात आल्यानंतर पंचाऐंशी वर्षांनी. पुरावा मिळणे आणि तो समाजाने मान्य करणे यांत केवढे अंतर असू शकते, हेही त्यातूनच दिसते.

अशी उदाहरणे कोणत्याही कालखंडात सापडतात आणि ती शोधून ठेवणे हेच पूर्वतयारीचे मुख्य काम आहे. युरोपचा मध्ययुगीन इतिहास शिकवताना मी लोरेन्झो व्हाला या इटालियन विद्वानाचे उदाहरण घेत असे. सम्राट कॉन्स्टन्टाइनने पश्चिमेकडील सत्ता पोपला बहाल केल्याचे सांगणारे दानपत्र बनावट आहे, हे त्याने १४४० साली दाखवून दिले, आणि त्याचे एक शस्त्र भाषेचे होते: चौथ्या शतकातील म्हणवणाऱ्या त्या लेखात रोमच्या संदर्भात ‘सत्रप’ हा प्राचीन इराणी प्रांताधिकाऱ्यासाठीचा शब्द आला होता, जो त्या काळातल्या रोमन कारभाराच्या कागदात शोभत नाही. एका चुकीच्या ठिकाणी पडलेल्या शब्दावरून खोटा कागद पकडता येतो, हे कळल्यावर विद्यार्थी मजकुराकडे निराळ्या नजरेने पाहू लागतात. पानिपतासाठी अशीच एक जुळणी करता येते. इतिहाससंशोधक वि. का. राजवाड्यांनी १८९८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेच्या पहिल्या खंडातील पत्रे, भाऊसाहेबांची बखर आणि अवधचा नवाब शुजाउद्दौला याच्या पदरी असलेल्या काशीराजाने सुमारे वीस वर्षांनी फारसीत लिहिलेली हकिकत, अशी तीन टिपणे एकाच पानावर छापून वर्गात वाटावीत. मोहिमेत असतानाच लिहिलेल्या पत्राला पुढे काय होणार हे ठाऊक नसते. बखरकाराला आणि काशीराजाला शेवट माहीत आहे. हा एकच फरक ओळखता आला तरी साधनचिकित्सेचा अर्धा धडा झाला.

सनावळ्यांविषयी माझे मत अनेकांपेक्षा जुन्या वळणाचे आहे, तेही सांगतो. तारखा पाठ करण्याला नावे ठेवण्याची रीत पडली आहे, पण घटनाक्रम माहीत नसलेल्या विद्यार्थ्याला कारणमीमांसा करताच येत नाही. फ्रेंच राज्यक्रांतीतील दहशतीचे राज्य केवळ काही विचारांतून जन्मले असे मुले सहज लिहितात. एप्रिल १७९२ मध्ये ऑस्ट्रियाविरुद्ध युद्ध पुकारले गेले, सप्टेंबर १७९२ मध्ये प्रजासत्ताक आले, जानेवारी १७९३ मध्ये राजाला मृत्युदंड झाला आणि त्यानंतर दहशतीचा काळ सुरू झाला, हा क्रम डोळ्यांसमोर ठेवला की युद्धाच्या दडपणाचा विचार त्यांना करावाच लागतो. म्हणून प्रत्येक प्रकरणासाठी दहा-बारा तारखा पक्क्या करून घ्याव्यात, मात्र त्या निवडताना ‘ही तारीख कशाच्या आधी आणि कशाच्या नंतर आहे यामुळे काही अर्थ बदलतो का?’ ही कसोटी लावावी. अर्थ बदलत नसेल, तर ती तारीख पुस्तकात राहिली तरी चालते.

अभ्यासक्रम संपवण्याची भीती प्रत्येक नव्या शिक्षकाला असते. मीही पहिल्या दोन वर्षांत सगळे सांगून टाकण्याच्या धडपडीत शेवटच्या महिन्यात इतक्या वेगाने बोललो, की त्यातले काहीही कोणाच्या लक्षात राहिले नाही. पुढे मी प्रत्येक घटकातील एक प्रकरण खोल शिकवायचे, दोन मध्यम गतीने आणि उरलेली वाचनासाठी नेमून त्यांवर लहान प्रश्न द्यायचे असे ठरवले. अभ्यासक्रम त्यानेही पूर्ण होतो. काय गाळायचे हे ठरवण्याचे धैर्य मात्र विषयाच्या वाचनातूनच येते. ज्याला प्रकरण अर्धवट माहीत असते, तो काहीच गाळू शकत नाही.

एक अवघड गोष्ट येथेच मांडतो. विद्यार्थी वर्गात येतात ते आपली जात, धर्म, प्रांत, घराणे यांच्याविषयीचा अभिमान आणि जखमा घेऊन. एखाद्या प्रिय व्यक्तीविषयी किंवा एखाद्या अत्याचाराविषयी बोलताना वर्ग तापतो, आणि अशा वेळी हात वर करून मत मोजणे किंवा ‘दोन्ही बाजू बरोबर’ असे म्हणून विषय मिटवणे या दोन्ही गोष्टी शिक्षकाने टाळाव्यात. मी तीन प्रश्न वेगळे करत असे: त्या काळातील कागद काय सांगतो, नंतरच्या पिढ्यांनी त्याचे काय केले आणि आज आपण त्याविषयी काय मानतो. यांतील पहिल्या प्रश्नावर वर्गात एकमताजवळ जाता येते, निदान कशावर मतभेद आहे ते स्पष्ट होते. तिसऱ्या प्रश्नावर विद्यार्थ्याला त्याचे मत बाळगण्याचा पूर्ण अधिकार आहे, आणि ते मत माझ्या मताशी जुळले नाही म्हणून त्याचा एकही गुण जाणार नाही, हे मी पहिल्याच आठवड्यात सांगत असे आणि तपासताना कटाक्षाने पाळत असे. दुखावलेल्या विद्यार्थ्याशी तासानंतर स्वतंत्रपणे बोलावे. भर वर्गात त्याला खोटे पाडून जिंकलेला वाद शिक्षकाला पुढे वर्षभर महागात पडतो. तो मुलगा बोलणे थांबवतो आणि त्याच्याबरोबर आणखी दहा जण गप्प होतात.

आता परीक्षा. वर्गात साधने आणि उत्तरपत्रिकेत ‘कारणे लिहा’, असे असेल तर विद्यार्थी उत्तरपत्रिकेचेच ऐकतील, आणि ते योग्यच आहे. वार्षिक प्रश्नपत्रिका आपल्या हाती नसली तरी अंतर्गत मूल्यमापन बहुधा असते. तेथे दोन न पाहिलेले उतारे देऊन ‘यांपैकी कोणता अधिक विश्वसनीय, कोणत्या बाबतीत, आणि ठरवण्यासाठी आणखी कोणता कागद हवा?’ असे विचारावे. या शेवटच्या भागाला मी सर्वांत जास्त गुण ठेवत असे, कारण त्याचे उत्तर पाठ करता येत नाही. हल्ली संगणकाकडून लिहून घेतलेले निबंध येतात आणि त्यांत अस्तित्वात नसलेल्या ग्रंथांचे संदर्भही असतात. यावर मला सापडलेला उपाय जुनाच आहे: निबंधाबरोबर वापरलेल्या साधनाचे हाताने केलेले टिपण मागावे आणि प्रत्येकाला पाच मिनिटे समोर बसवून त्या टिपणातील एका ओळीविषयी विचारावे.

मात्र हे सगळे करायला वेळ लागतो, आणि येथे तुमचा दुसरा प्रश्न सुरू होतो. साधा हिशेब पाहा. ऐंशी विद्यार्थ्यांचा वर्ग, प्रत्येक निबंधाला पंधरा मिनिटे, म्हणजे वीस तास. असे दोन वर्ग आणि सत्रात दोन निबंध धरले तर ऐंशी तास केवळ तपासणीचे. पहिल्यांदा शिकवत असलेल्या विषयाच्या एका तासासाठी मला सहा ते आठ तास वाचावे लागत. तिसऱ्या वर्षी तेच काम दोन तासांवर येते, अर्थात दरवर्षी विषय बदलून दिला जात नसेल तर. त्याशिवाय प्रवेश, वेळापत्रक, परीक्षा, मूल्यांकनाचे अहवाल, बैठका. बाहेरच्या माणसाला प्राध्यापकाचे काम म्हणजे वेळापत्रकावरचे तास एवढेच दिसते, आणि वर्गाबाहेरच्या कामाची नोंद कोठेच होत नसल्याने संस्थेलाही हळूहळू तेच खरे वाटू लागते.

या न दिसणाऱ्या कामाचा सर्वांत मोठा भार तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्यांवर पडतो. त्यांना घेतलेल्या तासाचे मानधन मिळते. तयारीचे, तपासणीचे आणि विद्यार्थ्याने मार्गदर्शनासाठी अडवून धरलेल्या पाऊण तासाचे काहीच मिळत नाही. मी स्वतः सुरुवातीची काही वर्षे असे काम केले. एका महाविद्यालयात सुट्टीच्या काळात माझे नाव हजेरीपटावरून निघून जाई आणि जूनमध्ये पुन्हा येई, आणि मधल्या काळात मी जे वाचन करत होतो त्यावरच पुढच्या वर्षीचे माझे तास उभे राहत होते. या व्यवस्थेत अनेक उत्तम शिक्षक विषयापासून तुटतात, आणि ते नुकसान विद्यार्थ्यांचे असते. तुमची नेमणूक अशी असेल, तर दोन ठिकाणी शिकवताना शक्य तितका एकच विषय मागून घ्या. तयारीचे तास वाचतात ते तेथेच.

संशोधनाविषयी स्पष्ट सांगायचे तर चालू सत्रात दफ्तरातले काम होत नाही. जुन्या कागदांच्या वाचनाला सलग दिवस लागतात. मोडी पत्र वाचायला शिकत असताना माझी दिवसाची मजल तीन-चार पत्रांपलीकडे जात नसे, आणि त्यातही एकच अक्षर दुसऱ्या दिवशी निराळे लागे. आठवड्यातून एक दुपार देऊन हे जमत नाही, कारण त्या लेखकाच्या अक्षराच्या वळणाची सवय प्रत्येक वेळी नव्याने करावी लागते. म्हणून सुट्ट्या दफ्तरासाठी राखाव्यात आणि सत्रात छापील साधने वाचावीत, टिपणे लावावीत, एखादे परीक्षण लिहावे. रोज सकाळी पाऊण तास, घरातले कोणी उठण्याआधी, ही माझी पद्धत होती. प्रत्येकाच्या घरातली परिस्थिती निराळी असते आणि स्त्रियांना असा पाऊण तास मिळवण्यासाठी किती झगडावे लागते हे मी माझ्या सहकारी प्राध्यापिकांकडून जवळून पाहिले आहे. समित्यांपैकी एक, ग्रंथालयाची, आपणहून मागून घ्यावी. तिच्यामुळे साधनग्रंथांची खरेदी आपल्या हाती येते आणि तेच ग्रंथ वर्गात वापरता येतात.

वर्ग आणि संशोधन जोडण्याची रीत नवी नाही. जर्मन इतिहासकार लिओपोल्ड फॉन रांके १८२५ मध्ये बर्लिनला गेला आणि पुढे मोजक्या विद्यार्थ्यांना समोर बसवून मूळ कागद चिकित्सकपणे वाचायला शिकवू लागला. आजच्या सेमिनारची परंपरा मुख्यत्वे तिथून आली. आपल्यापुढे ऐंशी जण असतात, तरी आठवड्यातून एकदा आठ-दहा इच्छुकांना घेऊन आपण स्वतः वाचत असलेला कागद वाचता येतो. मी असा गट एकवीस वर्षे चालवला. त्याला गुण नव्हते, हजेरी नव्हती. माझ्या दोन लेखांतील चुकीचे वाचन याच गटातील विद्यार्थ्यांनी दाखवून दिले, आणि तसे मी त्या लेखांत ऋणनिर्देशासह नमूद केले आहे.

पहिल्या सत्रासाठी तुम्हाला एकच नेमके काम सुचवतो. सगळे तास नव्याने बांधायला जाऊ नका. महिन्यातून एक तास निवडा, त्यासाठी एक पानभर मूळ साधन शोधा, त्यावर चार प्रश्न तयार करा आणि तासानंतर लगेच, स्टाफरूममध्ये जाण्याआधी, कोणता प्रश्न चालला आणि कोणता पडला हे वहीत लिहून ठेवा. पुढच्या वर्षी त्या पाच तासांची तयारी झालेली असेल, आणि वाचलेल्या वेळात सहावे साधन शोधता येईल.